पहिलीचं काय झालं हो?

मैत्रिणींनो, 'निळ्या दाढीवाला' ही फ्रान्समधली जुनी, अंगावर काटा आणणारी कथा. शार्ल पेरो यांनी ती १६९७ साली छापली. तिच्यावर जॉर्ज मेलिएस यांनी १९०१ मध्ये जेमतेम दहा मिनिटांचा मूकपट काढला आणि ही भयंकर गोष्ट चक्क हसत-खेळत सांगितली.

निळ्या दाढीचा गर्भश्रीमंत सरदार लग्नाला उभा आहे. मुली त्याला बघून नाकं मुरडतात. पण एक बाप दौलत बघून पाघळतो आणि लेकीला त्याच्या गळ्यात बांधतो. पुढे नवरा गावाला जाताना किल्ल्या सोपवतो नि बजावतो, ती एक खोली उघडायची नाही! एक सैतान उड्या मारत तिला चिथावतो. ती दार उघडते, तर आत आधीच्या सात बायका लटकलेल्या! किल्ली रक्तात पडते, डाग धुता धुवत नाही. रात्री स्वप्नात भल्यामोठ्या किल्ल्या नाचतात. अखेर भाऊ धावून येतात, नवऱ्याला तलवारीनं भिंतीला खिळवतात. परी त्या सातजणींना जिवंत करते आणि लगेच सातही जणींची लग्नं! म्हणजे मेल्यावरही सुटका नाही.

पेरो तात्पर्य सांगतात, बाईला नसती उत्सुकता भोवते. मला नाही पटत. आधीच्या बायकांचं काय झालं, हे कुणालाच ठाऊक नव्हतं, असं त्यांच्याच कथेत आहे. जी चौकशी घरच्यांनी लग्नाआधी करायची, ती या पोरीला लग्नानंतर जिवावर उदार होऊन करावी लागली.

समाजकार्यामुळे माझ्याकडे आया मुलींची स्थळं घेऊन सल्ल्याला येतात. मुलगा बिजवर असला तरी पगार, शेती, बंगला सगळं तोंडपाठ. 'पहिलीचं काय झालं हो?' विचारलं, की 'पटलं नाही म्हणे', 'आजारी होती म्हणे'. या 'म्हणे'चीच मला भीती वाटते.

प्रत्येक बिजवर काही निळ्या दाढीचा नसतो. पण घटस्फोट झाला असेल तर कोर्टाचा निकाल वाचा. वारली असेल तर तिच्या माहेरी जाऊन या. चांगल्या माणसाला याचा राग येणार नाही. आणि ज्याला येईल, त्याच्या घरी लेक देण्याची घाई कशाला?