पारदर्शकता बंद म्हणजे कंपोझिशन बंद नव्हे

विंडोजमध्ये टायटल बारची जागा ताब्यात घेऊन तिथे टॅब, शोधपेटी किंवा स्वतःचा रंग दाखवणारे प्रोग्राम आता सर्रास दिसतात. या रंगकामाविषयीची एक समजूत व्हिस्टा आल्यापासून, म्हणजे २००७ पासून, टिकून आहे: वापरकर्त्याने पारदर्शकता बंद केली की कंपोझिशन बंद पडते, म्हणून टायटल बार कंपोझिशन नसलेल्या विंडोज एक्सपीच्या पद्धतीने रंगवावा. ही समजूत चुकीची आहे. तिच्यापायी लिहिलेला कितीतरी कोड कधी चालतच नाही, किंवा नको तिथे चालतो.

प्रत्येक विंडोचे चित्र स्मृतीत स्वतंत्र तयार होते. डेस्कटॉप विंडो मॅनेजर ती सगळी चित्रे एकावर एक रचून पडद्यावर पाठवतो. या रचनेला कंपोझिशन म्हणतात. काचेसारखी धूसर चौकट हा त्या रचनेतला केवळ एक परिणाम. विंडोज ७ च्या रंगनिवडीत पारदर्शकतेची खूण काढली, की चौकट सपाट, अपारदर्शक होते आणि रचना चालूच राहते. पुरावा टास्कबारवर आहे: खूण काढल्यावरही विंडोंची छोटी जिवंत चित्रे दिसतात, आणि ती कंपोझिशनशिवाय दिसूच शकत नाहीत. प्रोग्रामला दोन्ही गोष्टी वेगवेगळ्या विचारता येतात. ‘डीडब्ल्यूएम-इज-कॉम्पोझिशन-एनेबल्ड’ रचना चालू आहे का ते सांगते. ‘डीडब्ल्यूएम-गेट-कलरायझेशन-कलर’ काचेचा रंग देते आणि तो अपारदर्शक आहे का, हेही कळवते. दोन्ही गोष्टी एकच असत्या, तर दोन फंक्शने लागलीच नसती.

गैरसमजाचे मूळ एका काळ्या पट्ट्यात आहे. चौकट विंडोच्या आतल्या भागात ओढून घेताना त्या जागेवर काळा रंग भरण्याची रूढ युक्ती आहे. जीडीआय, म्हणजे विंडोजची जुनी चित्रणयंत्रणा, ३२ बिटी चित्रात काळा भरताना अल्फा, म्हणजे अपारदर्शकतेचे मूल्यही शून्य ठेवते, त्यामुळे रचनाकार, म्हणजे डेस्कटॉप विंडो मॅनेजर, तो भाग रिकामा धरून तिथे चौकट दाखवतो. पारदर्शकता बंद असली तरी हेच घडते. फक्त काचेच्या जागी सपाट रंग येतो. कंपोझिशनच बंद झाले, तर मात्र काळा काळाच राही. विंडोज ७ मध्ये क्लासिक थीम, उच्च कॉन्ट्रास्ट किंवा १६ बिटी रंग निवडल्यावर असे होई. एखाद्या प्रोग्रामने कंपोझिशन बंद केले, तर ते सगळ्या डेस्कटॉपसाठी बंद होई आणि तो प्रोग्राम ते पुन्हा चालू करेपर्यंत किंवा संपेपर्यंत तसेच राही. एरो म्हणजे व्हिस्टा आणि ७ चे काचेचे रूप; ‘एरो बंद’ या ढोबळ शब्दाखाली हे सगळे पारदर्शकतेच्या खात्यावर लिहिले गेले.

कंपोझिशन बंद असतानाचे रंगकाम खरोखरच वेगळे होते. चौकट ओढण्याचे फंक्शन तिथे त्रुटी परत देई. थीम लागू असेल तर तिच्याच भागांतून पट्टी आणि बटणे काढावी लागत, क्लासिकमध्ये साध्या प्रणाली-रंगांतून. त्याहून त्रासदायक म्हणजे विंडो सक्रिय होताना किंवा तिचे शीर्षक बदलताना विंडोज आपली मूळ पट्टी प्रोग्रामच्या पट्टीवर रंगवून टाकी. सक्रियतेच्या संदेशाला, डब्ल्यूएम-एनसी-अ‍ॅक्टिव्हेटला, एलपॅराममध्ये उणे एक देऊन विंडोजच्या मूळ प्रक्रियेकडे पाठवले की हे पुनर्रंगण थांबते. मायक्रोसॉफ्टच्या दस्तऐवजात तसे नमूद आहे. शीर्षक बदलताना विंडोचा दृश्य-गुण क्षणभर काढून ठेवण्याचा उपाय क्रोमियमच्या खुल्या कोडमध्ये पाहता येतो. प्रोग्राम चालू असतानाच अवस्था पालटू शके, म्हणून कंपोझिशन-बदलाचा संदेश ऐकून संपूर्ण चौकट नव्याने मोजणे अटळ ठरे. सुरुवातीला एकदाच विचारून उत्तर साठवणारे प्रोग्राम इथेच फसत.

आता या द्विधेचे काय उरले? विंडोज ८ पासून, म्हणजे २०१२ पासून, कंपोझिशन बंदच करता येत नाही. मायक्रोसॉफ्टच्या दस्तऐवजानुसार ते विचारणारे फंक्शन नेहमी ‘हो’ म्हणते आणि बंद करण्याच्या मागणीचा काही परिणाम होत नाही. तरीही विंडोज १० आणि ११ वरच्या ‘पारदर्शकता परिणाम’ या बटणासाठी कंपोझिशन नसतानाचा जुना जीडीआय मार्ग जपला जातो, हे अनाकलनीय आहे. ते बटण बंद केल्यावर अ‍ॅक्रिलिक आणि मायका या पार्श्वभूमींच्या जागी सपाट रंग येतो, एवढेच.

पारदर्शकता बंद केल्याने रचनाकाराला सुट्टी मिळते, हेही खरे नाही. धूसर करण्याचे काम तेवढे वाचते. वापरकर्त्याने ते बटण बंद केले तरच अ‍ॅक्रिलिक सपाट होते, ही समजूतही अपुरी आहे. बॅटरी बचत चालू असतानाही ते सपाट होते. आणि टायटल बार स्वतः रंगवण्यासाठी चौकट पूर्ण काढून टाकावी लागते, ही समजूत तर महागात पडते: विंडोची सावली जाते, कडा धरून आकार बदलणे आणि पडद्याच्या कडेला चिकटवणे स्वतः घडवावे लागते. चौकटीची शैली कायम ठेवून डब्ल्यूएम-एनसी-कॅल्कसाइझ या संदेशात फक्त वरची पट्टी आतल्या भागात घेतली, की यातले बहुतेक काम विंडोजकडेच राहते.