व्हिटल्सी, चार्ल्स

(४ ऑक्टोबर १८०८ – १८ ऑक्टोबर १८८६). अमेरिकन भूवैज्ञानिक व ओहायओ राज्याच्या प्रादेशिक इतिहासाचा अभ्यासक. जन्म साउदिंग्टन (कनेक्टिकट) येथे. बालपणीच तो ओहायओमध्ये आला. वेस्ट पॉइंट लष्करी अकादमीतून १८३१ मध्ये पदवी घेतल्यावर काही काळ त्याने सैन्यात नोकरी केली; पुढे क्लीव्हलँड येथे वकिली व वृत्तपत्रसंपादन केले.

ओहायओच्या पहिल्या भूवैज्ञानिक सर्वेक्षणात (१८३७-३८) त्याच्याकडे नकाशे तयार करण्याचे काम होते. या निमित्ताने त्याने राज्यातील मातीचे प्राचीन तट, वर्तुळे व टेकाडे यांची मोजणी केली. त्याचे नकाशे स्क्वायर व डेव्हिस यांनी आपल्या १८४८ च्या ग्रंथात वापरले. स्मिथसोनियन संस्थेचे हे पहिले प्रकाशन होय. नदीकाठच्या कड्यांवरील उत्तर ओहायओतील तटबंद्या संरक्षणासाठी असून दक्षिणेकडील भौमितिक रचनांहून त्या भिन्न आहेत, हे त्याने दाखविले.

या मोजणीचे महत्त्व नेवार्क येथे विशेष जाणवते. सु. दहा चौ. किमी. क्षेत्रावर पसरलेल्या तेथील रचनांचा बराच भाग कालवा, रेल्वेमार्ग, शेती व नगरविस्तार यांमुळे नष्ट झाला. नष्ट भागांची मांडणी आज मुख्यत्वे अशा जुन्या नकाशांवरूनच समजते. अवशिष्ट महावर्तुळ व अष्टकोन यांचा समावेश २०२३ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसास्थळांत झाला.

टेकाडे बांधणारे लोक मूळ अमेरिकन इंडियनांहून वेगळे होते, हे त्या काळी रूढ असलेले मत व्हिटल्सीनेही स्वीकारले होते. सायरस टॉमसच्या १८९४ च्या अहवालाने ते निराधार ठरविले. तथापि मत कालबाह्य झाले, तरी त्याची मोजमापे उपयुक्त राहिली. टेकाडांत सापडल्याचे सांगितल्या जाणाऱ्या बनावट कोरीव लेखांचाही त्याने परामर्श घेतला.

यादवी युद्धात तो कर्नल होता. १८६७ मध्ये स्थापन झालेल्या वेस्टर्न रिझर्व्ह हिस्टॉरिकल सोसायटीचा तो पहिला अध्यक्ष. त्याच वर्षी त्याचा क्लीव्हलँडच्या आरंभीच्या इतिहासावरील ग्रंथ प्रसिद्ध झाला. जुने कागदपत्र मुळाबरहुकूम देण्यावर त्यात भर आहे. सुपीरिअर सरोवरालगतच्या तांब्याच्या प्राचीन खाणींवरही त्याने लिहिले (१८६३). उत्तर ओहायओतील एका उत्तरकालीन प्रागैतिहासिक संस्कृतीस त्याचेच नाव देण्यात आले आहे. क्लीव्हलँड येथे त्याचे निधन झाले.