एक एप्रिल : तारीख एक, हिशेब अनेक

एकतीस मार्चच्या रात्री बँकेच्या शाखांतून उशिरापर्यंत दिवे जळत असतात आणि दुसऱ्या दिवशी दारावर ‘वार्षिक हिशेबपूर्तीनिमित्त व्यवहार बंद’ अशी सूचना झळकते. थट्टेसाठी प्रसिद्ध असलेल्या या तारखेशी आपल्या अर्थव्यवहाराचे नाते मात्र गंभीर आहे.

१ एप्रिल १९३५ रोजी भारतीय रिझर्व्ह बँकेचे कामकाज सुरू झाले. मध्यवर्ती कार्यालय प्रथम कलकत्त्यास होते. १९३७ मध्ये ते मुंबईस आले. गंमत अशी की, एक एप्रिलला जन्मलेल्या या संस्थेचे स्वतःचे हिशेबी वर्ष १९४० पासून तब्बल ऐंशी वर्षे जुलै ते जून असे होते. ते १ एप्रिल २०२१ पासून सरकारी वर्षाशी जुळले.

सर्वसामान्यांच्या खिशाला थेट भिडलेला एक एप्रिल १९५७ सालचा. त्या दिवशी दशमान नाणेपद्धती अमलात आली. तोवर रुपयाचे सोळा आणे, चौसष्ट पैसे वा एकशे ब्याण्णव पै होत. पावकी, निमकी, दिडकी घोकून वाढलेल्या पिढीला हा हिशेब तोंडपाठ होता. आता रुपयाचे शंभर ‘नये पैसे’ झाले. चार आण्यांचे नेमके पंचवीस झाले, पण एका आण्याचे सव्वासहा! पाव पैसा द्यायचा कसा? म्हणून अर्धा किंवा त्याहून कमी अपूर्णांक सोडायचा आणि अधिक असल्यास पूर्ण धरायचा, असे ठरले. परिणामी आण्याचे सहा, दोन आण्यांचे बारा, पण तीन आण्यांचे एकोणीस नये पैसे झाले. आण्याच्या चार वस्तू वेगवेगळ्या घेतल्यास चोवीस आणि एकत्र घेतल्यास पंचवीस! जुनी-नवी नाणी काही काळ शेजारी शेजारी चालत असताना दुकानदार आणि गिऱ्हाईक दोघांचीही परीक्षाच होती.

या बदलाचा कायदा १९५५ चा. तेव्हा अर्थमंत्री होते चिंतामणराव देशमुख, रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर. परंतु मुंबईच्या प्रश्नावरून त्यांनी १९५६ मध्ये राजीनामा दिला. नवी नाणी लोकांच्या हाती पडली तेव्हा ते मंत्रिपदावर नव्हते. पुढे १९६४ मध्ये ‘नये’ हे विशेषण गळाले, तर २०११ मध्ये पंचवीस पैशांचे नाणेही चलनातून बाद झाले. बोलण्यात मात्र ‘चाराणे’ आणि ‘सोळा आणे खरे’ अजून खणखणीत आहेत.

बँक कर्मचाऱ्यांच्या मनात अलीकडचे एक एप्रिल अधिक ताजे असतील. २०१७ मध्ये स्टेट बँकेच्या सहयोगी बँका तिच्यात विलीन झाल्या, २०१९ मध्ये देना आणि विजया या बँका बँक ऑफ बडोदात. २०२० मध्ये आणखी सहा बँकांची स्वतंत्र नावे संपली. त्यांत १८६५ पासूनची अलाहाबाद बँकही होती. त्या दिवशी देशभर टाळेबंदी होती. ना समारंभ, ना निरोपाची गर्दी. ग्राहकांच्या कपाटांत पासबुके मात्र जुन्याच नावाची होती.