परमुलुखातले गोरे (भाग ४) : तुळजापूरचा ‘महादेव बाबा’

मागच्या भागात जॉन बॉइझची ओळख झाली. १८९८च्या सुमारास हा इंग्रज केनियाच्या डोंगरांत किकुयूंमध्ये शिरला, बंदुकीच्या जोरावर त्यांच्या आपसातल्या भांडणांत उतरला आणि पुढे स्वतःला त्यांचा राजा म्हणवू लागला. ब्रिटिशांनी त्याला पकडलं तेव्हा त्याच्यावर दरोड्याचाही आरोप होता. पूर्व आफ्रिकेत त्या काळी आपलं हिंदुस्थानी दंडविधान लागू होतं. बॉइझ त्यातून सुटला.

असा माणूस आपल्या भागात होऊन गेला का? औशाहून तुळजापूरचा रस्ता धरला की आपण त्याच्याच मुलुखात शिरतो. त्याचं नाव फिलिप मेडोज टेलर. जन्म १८०८चा, लिव्हरपूलचा. १८२४ साली हा पोरगा मुंबईच्या एका व्यापारी पेढीत नोकरीला म्हणून आला. पेढी डबघाईला आलेली होती. एका नातलगाच्या शब्दावर तो निजामाच्या फौजेत लागला. तो कंपनी सरकारचा नोकर नव्हता, निजामाचा होता, आणि हा फरक त्याला जन्मभर नडला. मोठ्या जागा कंपनीच्या माणसांना मिळत गेल्या.

विशीच्या आतबाहेर असतानाच त्याच्याकडे निजामाच्या नैर्ऋत्य जिल्ह्यांतला पोलिसी कारभार आला. मराठी तो इथेच शिकला. तुळजापूरचा एक प्रसंग त्याने आत्मचरित्रात लिहून ठेवला आहे. बाजारात मिळणाऱ्या पिठात वाळू आहे, खाववत नाही, अशी तक्रार त्याच्या माणसांनी आणली. टेलरने दुकानदारांना बोलावून घेतलं आणि त्यांचंच पीठ त्यांच्यापुढे ठेवलं : आता तुम्हीच खा. कोरड्या पिठाने तोंडं भरलेले वाणी बघून जमलेले लोक पोट धरधरून हसले. लोक त्याला ‘महादेव बाबा’ म्हणत. कोर्टकज्ज्यांत वर्षं न घालवता डोळ्यांदेखत मिळालेला न्याय रयतेला भावणारच. पण हा न्याय एका माणसाच्या मर्जीवर उभा होता, हेही ध्यानात ठेवावं लागतं.

याच रस्त्यांवर ठग वाटसरूंचे गळे आवळत होते. त्यांचा माग लागू लागला तोच टेलरची बदली झाली. ठगांना पकडण्याचं श्रेय स्लीमन या इंग्रज अधिकाऱ्याला गेलं, आणि टेलरने १८३९ साली ठगाच्या कबुलीजबाबाची कादंबरी लिहून नाव कमावलं.

त्याच्या आयुष्याचा खरा गाभा मात्र शोरापूर, म्हणजे आजच्या यादगीर जिल्ह्यातलं सुरपूर. हे बेरड जमातीच्या राजाचं संस्थान. राजा वेंकटप्पा नायक लहान, राणी ईश्वरम्मा आणि दरबारी यांच्यात ओढाताण, आणि बेरड हातात बंदुका घेऊन उभे. १८४०च्या दशकाच्या सुरुवातीला टेलर तिथे कारभार पाहायला गेला आणि १८५३पर्यंत राहिला. बेरडांचा विश्वास त्याने हळूहळू मिळवला. छोटा राजा त्याला ‘अप्पा’ म्हणू लागला.

१८५३ साली वऱ्हाड, रायचूर दोआब आणि नळदुर्ग हे जिल्हे निजामाने इंग्रजांच्या हवाली केले. कारण कर्ज, आणि कर्ज कशाचं? इंग्रजांनीच त्याच्या गळ्यात बांधलेल्या फौजेच्या खर्चाचं. नळदुर्ग जिल्हा टेलरकडे आला. त्याने रस्ते काढले, जमिनीची मोजणी सुरू केली. ‘तारा’ ही त्याची नंतरची एक कादंबरी तुळजापूरच्या ब्राह्मण कन्येची आहे. १८५७ साली त्याला बुलढाण्याकडे धाडलं, हाताशी गोरी पलटण नसताना.

१८५८ साली त्याचा वेंकटप्पा इंग्रजांविरुद्ध उठला आणि पकडला गेला. कैदेतल्या राजाला टेलर भेटला. फाशीची शिक्षा आधी जन्मठेपेवर आणि शेवटी चार वर्षांच्या कैदेवर आली. पण मद्रासकडे नेताना पहिल्याच मुक्कामावर तरुण राजाने सोबतच्या अधिकाऱ्याच्या पिस्तुलाने स्वतःला संपवलं. वय जेमतेम चोविशीचं. चोविसाव्या वर्षी मृत्यू, असं भाकीत होतं, आणि टेलरला ते आधीपासून ठाऊक होतं.

बॉइझ किकुयूंत नशीब काढायला गेला होता. टेलरचा जीव इथल्या माणसांवर खरोखर होता, याबद्दल मला शंका नाही. तरीही त्याने वाढवलेल्या मुलाचं राज्य त्याच्याच सरकारने बुडवलं आणि १८६० साली निजामाला बक्षीस म्हणून देऊन टाकलं. सत्ता परक्याची असली की भल्या अंमलदाराची मायाही इतकीच पुरते. नळदुर्ग त्याच वर्षी निजामाकडे परत गेलं. टेलर १८७६ साली फ्रान्सच्या किनाऱ्यावर मेंतों इथे वारला, तोही हिंदुस्थानचा शेवटचा प्रवास आटोपून परतताना.

ज्या कर्जापायी नळदुर्ग निजामाच्या हातचं गेलं होतं, त्याचा हिशेब पुढच्या भागात.