पॉमर पाठीशी होता तेव्हा

जर्मन दिग्दर्शक मुर्नाउच्या ‘द लास्ट लाफ’मध्ये (१९२४) कॅमेरा सुरुवातीलाच हॉटेलच्या लिफ्टमधून खाली उतरतो आणि गर्दीतून वाट काढत फिरत्या दरवाजापर्यंत पोचतो. त्या काळी कॅमेरा बहुतेक वेळा तिकाटण्यावर खिळलेला असे. कॅमेरामन कार्ल फ्रॉइंडने तो सायकलवर चढवला, झिंगलेल्या द्वारपालाची नजर दाखवायला छातीशी बांधला. या धाडसाचं श्रेय मुर्नाउ, फ्रॉइंड आणि लेखक कार्ल मायर यांना मिळतं, आणि ते त्यांचंच आहे. पण आधी कुणी केलं नसेल असं काहीतरी शोधा, असं त्यांना सांगून त्यासाठी पैसा आणि वेळ देणारा माणूस होता निर्माता एरिख पॉमर.

हिल्डेसहाइममध्ये १८८९ साली जन्मलेला पॉमर चित्रपट विकण्याच्या धंद्यातून पुढे आला. आधी गोमाँ, मग एक्लेर या फ्रेंच कंपन्यांत काम करून त्याने १९१५ मध्ये डेक्ला ही स्वतःची कंपनी काढली. तिथेच ‘कॅलिगरी’ (१९२०) हा चित्रपट झाला. तिरप्या भिंती, कापडावर रंगवलेल्या सावल्या, सगळाच वेडावाकडा प्रकार. लहानशा कंपनीला तो परवडलाही, कारण रंगवलेला पडदा खऱ्या बांधकामापेक्षा स्वस्त पडतो. पॉमरची जात मला इथे कळते: त्याचा हिशेब आणि हौस एकाच खिशात असत.

डेक्ला पुढे उफा या बलाढ्य कंपनीत विलीन झाली आणि १९२३ मध्ये पॉमर तिथला निर्मितीप्रमुख झाला. लेखक, दिग्दर्शक, कॅमेरामन आणि नेपथ्यकार यांना चित्रीकरणाच्या खूप आधीपासून एकत्र बसवायचं, अशी त्याची पद्धत होती. फ्रिट्झ लांगचा ‘निबेलुंगेन’, ड्युपाँटचा ‘व्हरायटी’, मुर्नाउचा ‘फाउस्ट’ या वातावरणात घडले. मग ‘मेट्रोपोलिस’ आला. त्याचा खर्च हाताबाहेर गेला, उफा अमेरिकन कर्जात अडकली, आणि चित्रीकरण चालू असतानाच, १९२६ च्या सुरुवातीला, पॉमर कंपनीबाहेर पडला. त्याची उधळपट्टी डोळ्यांआड करता येत नाही. तरीही तो चित्रपट झाला, याचा मला आनंदच आहे.

हॉलिवूडमध्ये थोडा काळ काढून तो परतला, तेव्हा उफा राष्ट्रवादी वृत्तपत्रसम्राट हुगेनबर्गच्या ताब्यात गेली होती. त्याच छताखाली पॉमरने योझेफ फॉन स्टर्नबर्गला बोलावून ‘द ब्लू एंजल’ (१९३०) केला. चित्रपट जर्मन आणि इंग्रजी अशा दोन्ही भाषांत एकाच वेळी चित्रित झाला आणि मार्लेन डिट्रिश जगभर पोचली. बाबेल्सबर्गच्या याच उफा स्टुडिओत त्या सुमारास अभिनेत्री देविका राणी शिकत होत्या. हिमांशू राय यांच्याबरोबर त्यांनी १९३४ मध्ये मालाडला उभ्या केलेल्या बॉम्बे टॉकीजमध्ये दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन आणि कॅमेरामन योझेफ विर्शिंग हे जर्मनच होते.

१९३३ च्या मार्चअखेर उफाच्या संचालकांनी ज्यू कर्मचाऱ्यांना काढायचं ठरवलं. पॉमर ज्यू होता. कंपनीला नाव मिळवून देणाऱ्या माणसाचा करार एका बैठकीत संपला. पुढे पॅरिसमध्ये लांगचा ‘लिलिओम’, लंडनमध्ये चार्ल्स लॉटनबरोबर मेफ्लॉवर ही कंपनी, तिथून हिचकॉकचा ‘जमैका इन’ आणि मग अमेरिकेत डोरोथी आर्झनरचा ‘डान्स, गर्ल, डान्स’ (१९४०). दिग्दर्शक मोठेच होते, पण बाबेल्सबर्गमधली वर्षानुवर्षं एकत्र बसलेली मंडळी त्याच्याजवळ नव्हती. १९४१ मध्ये हृदयविकाराचा झटका आला आणि कामही सुटलं.

१९४६ मध्ये तो परत जर्मनीत आला, ते अमेरिकन लष्करी प्रशासनाचा चित्रपट अधिकारी म्हणून. ज्या धंद्याने त्याला हाकललं, तोच धंदा उभा करण्याचं काम त्याच्याकडे होतं. स्टुडिओ दुरुस्त करायचे, कच्ची फिल्म मिळवायची, कुणाला परवाना द्यायचा ते ठरवायचं. जर्मन चित्रपटगृहं ही आपली बाजारपेठ आहे, असं मानणाऱ्या हॉलिवूडला त्याची ही धडपड रुचत नव्हती. जर्मनांच्या लेखी तो विजेत्यांचा माणूस होता. तीन वर्षं त्याने दोन्ही बाजूंचा राग सोसला.

१९५५ मध्ये त्याने लास्लो बेनेडेककडून ‘किंडर, म्युटर उंड आइन गेनेराल’ करवून घेतला. युद्धाच्या अखेरच्या दिवसांत शाळकरी मुलं सैन्यात जायला पळून जातात आणि त्यांच्या आया त्यांना परत आणायला थेट आघाडीवर जाऊन पोचतात. पुढच्या वर्षी पॉमर अमेरिकेला परतला आणि १९६६ साली लॉस एंजेलिसमध्ये वारला.