दुय्यम खेळाडूचे मोल

व्यावसायिक खेळांच्या अर्थकारणाची चर्चा निघाली की ती बहुधा अग्रगण्य खेळाडूंच्या डोळे दिपवणाऱ्या मिळकतीपाशी सुरू होते आणि तेथेच संपते. परंतु कोणताही संघ केवळ दोन-तीन नामवंतांच्या बळावर उभा राहत नाही. नामवंताला दम खाता यावा म्हणून दहा-पंधरा मिनिटे मैदान सांभाळणारा, तो जायबंदी झाल्यास त्याची जागा घेणारा, आणि व्यवस्थापकांच्या सोयीनुसार या शहरातून त्या शहरात पाठवला जाणारा असा एक वर्ग प्रत्येक संघात असतो. अमेरिकेत अशा खेळाडूस ‘जर्नीमन’ म्हणतात. शिकाऊपण संपवून, पण स्वतःचे दुकान न थाटता, दुसऱ्याकडे रोजावर काम करणारा कारागीर हा या शब्दाचा मूळ अर्थ. अशा कारागिराचे मोल कसे ठरते, हा प्रश्न अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यास नामवंतांच्या कोटींपेक्षा अधिक बोधप्रद वाटावा असा आहे. बास्केटबॉलपटू ख्रिस डडली याची कारकीर्द या दृष्टीने पाहण्याजोगी आहे.

डडली हा ६ फूट ११ इंच उंचीचा ‘सेंटर’. सेंटरचे काम बास्केटच्या सान्निध्यात राहण्याचे. प्रतिस्पर्ध्याची वाट अडवणे, त्याचा फेकलेला चेंडू हवेतच रोखणे, आणि नेम चुकून कड्यावरून उसळलेला चेंडू, म्हणजे ‘रिबाऊंड’, झेपावून ताब्यात घेणे, ही त्याची प्रमुख कर्तव्ये. डडली १९८७ साली येल विद्यापीठातून अर्थशास्त्र व राज्यशास्त्र या विषयांची पदवी घेऊन बाहेर पडला. येल ज्या विद्यापीठ-समूहात मोडते तेथे खेळासाठी शिष्यवृत्ती दिली जात नाही. साहजिकच व्यावसायिक संघ तेथे क्वचितच खेळाडू शोधतात. त्या वर्षीच्या वार्षिक निवडीत क्लीव्हलंडच्या संघाने डडलीला चौथ्या फेरीत, ७५ व्या क्रमांकावर घेतले. पुढे दोनच वर्षांत ही निवड दोन फेऱ्यांपुरती मर्यादित करण्यात आली. म्हणजे तो थोडा उशिरा जन्मला असता तर निवडीच्या यादीत त्याचे नावही आले नसते.

त्यात आणखी एक अडचण होती. वयाच्या सोळाव्या वर्षी त्याला इन्शुलिनवर अवलंबून राहावे लागणारा मधुमेह जडला होता. दिवसातून अनेकदा रक्तातील साखर तपासायची, त्यानुसार आहार आणि इन्शुलिन यांचा मेळ घालायचा, आणि शिवाय एका हंगामात ८२ सामन्यांची धावपळ करायची, असे हे आयुष्य. ते त्याने १६ हंगाम निभावले. क्लीव्हलंड, न्यू जर्सी, पोर्टलंड, न्यू यॉर्क, फीनिक्स आणि पुन्हा पोर्टलंड असा प्रवास करून तो २००३ साली निवृत्त झाला, तेव्हा त्याच्या नावावर ८८६ सामने होते.

आकडे काय सांगतात

या सामन्यांतील त्याची गुणांची सरासरी अवघी ३.९ होती. १५ फुटांवरून, कोणाचाही अडथळा नसताना करावयाच्या ‘फ्री थ्रो’मध्ये व्यावसायिक खेळाडू सर्वसाधारणपणे चारांपैकी तीन फेकी साधतो. डडलीला निम्म्याही साधल्या नाहीत. एप्रिल १९९० मध्ये इंडियानाविरुद्धच्या सामन्यात १८ फेकींपैकी त्याची केवळ एक यशस्वी झाली. प्रेक्षकांच्या थट्टेला एवढे पुरेसे होते.

मात्र याच कारकिर्दीत रिबाऊंडची त्याची सरासरी ६.२ भरली. गुणांपेक्षा रिबाऊंड अधिक, असा हा विलक्षण हिशेब आहे. प्रत्येक रिबाऊंड म्हणजे चेंडूवरील ताबा, आणि ताबा म्हणजे आपल्या एखाद्या अचूक सहकाऱ्याला मिळालेली संधी. या संधीचे गुण सहकाऱ्याच्या नावे जमा होतात. वाट अडवल्यामुळे प्रतिस्पर्ध्याने जो प्रयत्नच केला नाही, त्याची तर नोंदही कोठे होत नाही. सामूहिक उत्पादनात एकेकाचा वाटा वेगळा काढणे दुष्कर असते, हा अर्थशास्त्रातील जुना प्रश्न आहे. ज्यांच्या कामाचे फळ दुसऱ्याच्या खात्यात दिसते, त्यांचे मूल्यमापन नेहमीच अपुरे राहते.

बाजारपेठेला मात्र डडलीची गरज नेमकी कळली होती. सात फुटांच्या आसपास उंचीची, चपळ आणि शिस्तीने खेळणारी माणसे जगात मोजकीच. पुरवठा असा मर्यादित असल्याने सामान्य गुणवत्तेच्या सेंटरलाही भाव येतो. १९८९ साली अटलांटाने जॉन कॉनकॅक या दुय्यम सेंटरशी सहा वर्षांसाठी सुमारे १ कोटी ३० लाख डॉलर्सचा करार केला, तेव्हा सर्वत्र आश्चर्य व्यक्त झाले होते. पण दुर्मिळता असूनही श्रमिकाला तिचा लाभ मिळतोच असे नाही. त्यासाठी त्याला एका मालकाकडून दुसऱ्याकडे जाण्याची मुभा असावी लागते. डडलीच्या कारकिर्दीचे खरे महत्त्व येथे आहे.

सोडून जाण्याचा अधिकार

अमेरिकेतील बास्केटबॉल संघांचे मालक दीर्घकाळ एकजुटीने वागत आले. वार्षिक निवडीत ज्या संघाने खेळाडूचे नाव पुकारले त्याच्याशीच त्याने बोलणी करायची, आणि करार संपल्यावरही त्या संघाचा हक्क शिल्लक राहायचा, अशी ही व्यवस्था. खरेदीदार एकच असल्यावर भाव तोच ठरवणार, हे उघड आहे. खेळाडूंच्या संघटनेने याविरुद्ध न्यायालयात धाव घेतली. ऑस्कर रॉबर्टसन याच्या नावाने १९७० साली दाखल झालेल्या दाव्यात १९७६ साली तडजोड झाली. ज्युनिअर ब्रिजमन याच्या नावाच्या दुसऱ्या दाव्यातील १९८८ च्या तडजोडीने ठरावीक सेवा झालेल्या खेळाडूंना करार संपताच कोणत्याही संघाकडे जाण्याचे स्वातंत्र्य मिळाले. दरम्यान १९८४-८५ च्या हंगामापासून प्रत्येक संघाच्या एकूण वेतनखर्चावर कमाल मर्यादा आली होती. त्या बदल्यात उत्पन्नाचा ५३ टक्के वाटा खेळाडूंना देण्याची हमी मालकांनी दिली. या मर्यादेला एक अपवाद होता. आपल्याच खेळाडूशी नवा करार करताना संघाला ती ओलांडता येत असे.

१९९३ साली न्यू जर्सीशी असलेला डडलीचा करार संपला. त्या संघाने देऊ केलेली मोठी रक्कम नाकारून त्याने पोर्टलंडशी सात वर्षांचा करार केला. वेतनमर्यादेमुळे पोर्टलंडला पहिल्या वर्षी फक्त ७ लाख ९० हजार डॉलर्स देणे शक्य होते. मात्र एक वर्षानंतर करार संपुष्टात आणण्याचा अधिकार डडलीने स्वतःकडे ठेवला. तोपर्यंत तो पोर्टलंडचा ‘आपला’ खेळाडू झालेला असणार, आणि मग संघ त्याला मर्यादेपलीकडे वेतन देऊ शकणार, हा त्यातील हेतू. ही वेतनमर्यादेला बगल आहे, असे म्हणून लीगने करारास मान्यता नाकारली. वाद ब्रिजमन तडजोडीनुसार नेमलेल्या लवादापुढे आणि तेथून न्यू जर्सीतील संघराज्य न्यायालयापुढे गेला. दोन्हीकडे निकाल डडलीच्या बाजूने लागला.

या करारात जोखीम नव्हती असे नाही. १९९३-९४ च्या हंगामात प्रारंभीच घोट्याला दुखापत होऊन डडली अवघे सहा सामने खेळू शकला. परंतु करार मोडण्याचा पर्याय त्याच्या हाती होता, संघाच्या नव्हे. बरा झालाच नसता तर सात वर्षांचा मूळ करार त्याच्या पाठीशी होताच. तो बरा झाला आणि १९९४ साली पोर्टलंडने त्याच्याशी कित्येक पट अधिक वार्षिक वेतनाचा नवा करार केला. पुढील सामूहिक करारात लीगने हा अपवाद पूर्णांशाने लागू होण्यासाठी तीन हंगामांच्या सेवेची अट घातली, यावरून मालकवर्गाला हा प्रकार किती झोंबला होता हे दिसते.

अशा पळवाटांमुळे धनाढ्य संघांचेच फावते, असा आक्षेप घेतला जातो व तो निराधार नाही. तथापि पर्याय राखून ठेवण्याचा अधिकार पिढ्यान्‌पिढ्या एकट्या मालकाकडे होता, तेव्हा त्यास कोणी पळवाट म्हटले नव्हते, हेही विसरता येत नाही.

१९९९ साली डडली न्यू यॉर्ककडे होता. आठव्या मानांकनावरून अंतिम मालिकेपर्यंत पोचलेला तो पहिलाच संघ. त्याचा प्रमुख सेंटर पॅट्रिक युइंग जायबंदी झाल्यामुळे डडलीवर मोठी जबाबदारी आली. समोर सॅन अँटोनियोच्या संघात डेव्हिड रॉबिन्सन होता, १९८७ च्या निवडीतील पहिल्या क्रमांकाचा खेळाडू. पहिला आणि पंच्याहत्तरावा बारा वर्षांनी एकाच मैदानावर आले. मालिका सॅन अँटोनियोने ४-१ अशी जिंकली, यात नवल नाही. पंच्याहत्तरावा तेथवर टिकला, हे नवल. पुढच्याच वर्षी त्याला फीनिक्सकडे धाडून बदल्यात ल्यूक लाँगली हा दुसरा सेंटर घेण्यात आला. कारागिराचे भागधेय शेवटपर्यंत सुटले नाही.

आपल्या मिळकतीतून व लौकिकातून त्याने १९९४ साली मधुमेही मुलांसाठी एक प्रतिष्ठान स्थापले आणि त्यांच्यासाठी ऑरेगॉन राज्यात बास्केटबॉलचे शिबिर सुरू केले. १९९६ साली लीगने त्याला समाजकार्याचा पुरस्कार दिला. २०१० साली तो ऑरेगॉनच्या गव्हर्नरपदासाठी उभा राहिला व थोड्या मतांनी पराभूत झाला.

डडलीला लाभलेले उंचीचे वरदान इतरांच्या वाट्याला येणार नाही, आणि त्याच्या डॉलर्सशी कोणा पगारदाराने तुलना करण्यातही अर्थ नाही. परंतु असामान्य गुणवत्तेच्या माणसाला संघटनेची आणि नियमांची गरज तुलनेने कमी असते. त्याच्यासाठी नियम वाकवले जातात. ती खरी गरज असते मधल्या फळीतील माणसाला. रॉबर्टसन आणि ब्रिजमन यांच्या नावांनी लढले गेलेले दावे नसते, तर डडलीला करारातील ते एक कलम मागण्याचे धाडसच झाले नसते. वेतनाचा आकडा सर्वांच्या डोळ्यांत भरतो. सेवाशर्तींचे कागद मात्र फार थोडे लोक वाचतात. वस्तुतः सामान्य कुवतीच्या माणसाची सुरक्षितता आणि प्रतिष्ठा या दुसऱ्या कागदावर अधिक अवलंबून असते.