सात वर्षांची रांग

मी माहितीपटांचं संकलन करते. एकाच विधीमागे सात वर्षं कॅमेरा घेऊन फिरणारे फ्रेंच माहितीपटकार ज्याँ रूश आणि मानववंशशास्त्रज्ञ जर्मेन दितरलें यांच्याबद्दल मला म्हणूनच फार आदर वाटतो.

मालीतल्या बांदियागाराच्या कड्यावर राहणारे डोगोन लोक साठ वर्षांनी एकदा 'सिगुई' करतात. सापाच्या रूपात मरण पावलेल्या पूर्वजासाठी सापाच्याच आकाराचा लांबलचक मुखवटा नव्याने कोरला जातो. 1967 साली युगो गावात सुरुवात झाली आणि पुढे वर्षागणिक विधी कड्यावरच्या एकेका गावाकडे सरकत गेला. प्रत्येक गाव आपल्या वाट्याचं तेवढं करतं. चित्रणाचे सगळे भाग जोडल्यावर रूश यांना विधीचा क्रम उलगडला: पहिली तीन वर्षं मृत्यूची, पुढची नव्या जन्माची.

युगोमधला एक प्रसंग मी कितीदा तरी मागे नेऊन पाहिला आहे. पुरुषांची रांग नागमोडी वळत चौकात येते. पुढे म्हातारे, शेवटी पोरंटोरं. अंगावर कवड्यांच्या आडव्या माळा, हातात बेचक्याची काठी. ती रोवून तिच्यावरच टेकायचं आणि बाजरीची बिअर प्यायची. आपल्याकडे आराधी घालतात तशाच त्या कवड्या पाहून मी चमकले. मालदीवच्या समुद्रातल्या कवड्या व्यापाराबरोबर पश्चिम आफ्रिकेपर्यंत गेल्या होत्या आणि तिथे चलन म्हणून चालत.

दोन गोष्टी मला खटकतात. शेवटचा भाग 1974 साली मुद्दाम पुन्हा उभा करून टिपला आहे, आणि निवेदन फ्रेंचमध्ये आहे. सेनेगलचे दिग्दर्शक उस्मान सेम्बेन यांनी 1965 सालीच रूश यांना तोंडावर सुनावलं होतं, की तुम्ही आम्हाला किड्यांसारखं न्याहाळता. सिगुईच्या चित्रणात माणसांबद्दलची माया मला दिसते, तरी सेम्बेन यांचं म्हणणं मला पटतं. सिगुईची स्वतःची गुप्त भाषा आहे. ती कानावर यायला हवी, तिथे पॅरिसचा आवाज येतो.

पुढचा सिगुई 2027 साली आहे. त्या भागात गेली काही वर्षं सशस्त्र हिंसाचार चालू आहे, गावंच्या गावं उठली आहेत. तेव्हा कॅमेरा डोगोन मुलामुलींच्याच हाती असावा, असं मला मनापासून वाटतं. 1967 च्या रांगेत शेवटी नाचणारी पोरं आता साठी ओलांडलेली असतील. त्यातली जी हयात आहेत, त्यांची जागा या वेळी पुढे आहे.